उमुलची भाकरी

सारसोळे, नेरूळ
१२ ऑगस्ट २०२५

चि. संघमित्रा,

जयभीम.

विषय: तुझ्या पुस्तकाचे बाड मिळाल्याबाबत.
संदर्भ: तुझे दि. २५ जुलैचे पत्र.

हसू नकोस. एकतीस वर्षं बेलापूरच्या कचेरीत आवक-जावक सांभाळली, हात आपोआप असाच चालतो. पार्सल काल आलं. पोस्टमन तीन जिने चढून आल्याचे उपकार दाखवत उभा होता, त्याला पाणी दिलं. मग दार लावून पाकीट फोडलं आणि चार वर्षांनी तुझं अक्षर पाहिलं. अजूनही ओळ उजवीकडे वर जाते.

तू लिहितेस, "पप्पा, फोनवर आपलं भांडण होतं, म्हणून लिहून बोलू या." ठीक आहे, लिहून भांडू. लिहिण्यात मी तुला हार जाणार नाही.

तर तुझं म्हणणं असं, की तू तिकडे जर्मनीत बसून ज्या सुमेर लोकांच्या पाट्या वाचतेस, त्यांच्या देवांच्या आणि जग कसं झालं त्याच्या गोष्टी तू मराठीत आणल्या आहेस, आणि छापायला देण्याआधी मी त्या तपासाव्यात. माझ्या बापाने बावीस प्रतिज्ञा घेतल्या. मी या घरात देवाचं कॅलेंडरसुद्धा लावू दिलं नाही. आणि माझी पोरगी चार हजार वर्षांपूर्वीचे देव उकरून मला रजिस्टर पार्सलने पाठवते. वा गं वा! पण हे देव मेलेले आहेत, त्यांच्यापुढे कोणी नारळ फोडत नाही, त्यामुळे वाचायला हरकत घेत नाही.

पहिलं प्रकरण तपासलं. "मृत्तिकाफलक" हा शब्द जिथे जिथे आहे तिथे "मातीची पाटी" कर. वाचणाऱ्याला धाप लागते. बाकी गोष्ट आवडली. आधी नुसतं पाणी होतं, ते पाणी म्हणजेच नम्मू नावाची आई. तिच्यातून आभाळ आलं, धरती आली. मग एन्की नावाचा शहाणा देव. तो जमिनीखालच्या गोड्या पाण्यात, अब्झूमध्ये राहतो आणि तिथल्या चिखलातून पहिलं शहर वर येतं. हे मला ताबडतोब पटलं. आम्ही चौऱ्याऐंशी साली इथे आलो तेव्हा इमारतीच्या मागे गुडघाभर चिखल होता. तुझी आई चपला हातात घेऊन भाजीला जायची. शहरं अशीच येतात.

शेवटी तू लिहितेस, "एकेक प्रकरण सौरभला मोठ्याने वाचून दाखवा. कुठे हसतो ते कळवा, पुस्तक त्याच्यासाठीच आहे. आणि तो कसा आहे, एवढं एक खरं लिहा."

तुझा भाऊ बरा आहे. बत्तीस वर्षांचा झाला, पण हसतो तसाच, मान मागे टाकून, लाळ गळेपर्यंत. दुपारी त्याला पहिलं प्रकरण वाचून दाखवलं. नुसतं पाणी होतं, हे ऐकून हसला. व्हिडिओ कॉलचं म्हणशील तर माझ्या फोनचा कॅमेरा गेलाय.

तुझा,
पप्पा


३० ऑगस्ट २०२५

चि. संघमित्रा,

जयभीम. सौरभसाठी पाठवलेला चमचा मिळाला. रबराचा, वाकड्या दांड्याचा. आपण स्टीलच्या चमच्याला चिंधी गुंडाळायचो आणि तो दातांत असा धरायचा, की सोडवता सोडवता तुझी आई, रखमा, रडकुंडीला यायची. तिकडच्या लोकांनी यावर विचार केलाय, चांगली गोष्ट आहे. सौरभला चमचा आवडला.

दुसरं आणि तिसरं प्रकरण तपासून सोबत पाठवतो आहे. लाल शाई कमी वापरली आहे, म्हातारपणी माणूस मऊ होतो.

या प्रकरणांनी मला हसवलं, आणि मग हसू गेलं. मोठे देव बसून खातात. धाकटे देव कालवे खणतात, गाळ उपसतात, घमेली वाहतात आणि नशिबाच्या नावाने रडतात. ज्याने काहीतरी करायला पाहिजे तो एन्की आत झोपलेला. अगदी आमचे एक उपसंचालक, जेवणानंतर दार लावून घ्यायचे. शेवटी एन्कीची आई त्या देवांची आसवं घेऊन त्याच्याकडे जाते आणि म्हणते, ऊठ लेका, यांच्या जागी राबणारं काहीतरी बनव. मग अब्झूच्या वरची माती मळतात, निन्माह नावाची देवी सुईण म्हणून उभी राहते, माणूस तयार होतो आणि देवांची घमेली माणसाच्या डोक्यावर येतात.

म्हणजे माणूस कशाला केला, तर साहेबांची घमेली उचलायला! ही तर आपल्या गावच्या वाडीची गोष्ट झाली. मेलेलं ढोर ओढायला तुझ्या पणजोबांना हाक यायची तेव्हाही त्यांना हेच सांगत, तुमचा जन्मच त्यासाठी. पण एक कबूल करतो. आपल्याकडे कोणाला तोंडातून काढला आणि कोणाला पायातून. तुझ्या सुमेरवाल्यांनी राजा आणि हमाल एकाच चिखलातून काढले. हे वाक्य प्रस्तावनेत घातलंस तरी चालेल, माझं नाव नको.

माती मळायचं वाचताना तू नववीत होतीस तेव्हाचं आठवलं. जेट्टीवरून खाडीची माती पिशवीत भरून आणायचीस, सौरभच्या मुठीत कोंबायचीस आणि त्याच्या बोटांचे ठसे उमटलेले गोळे गच्चीत वाळवायचीस. घरभर चिखल. रखमा पोळपाट आपटायची. आणि तू ते ठसे बघून गंभीर चेहऱ्याने सांगायचीस, "आई, सौरभने पत्र लिहिलंय. तो म्हणतो आज वरणात मीठ कमी होतं." तिकडे तुला पगार देऊन तेच काम करायला सांगतात असं दिसतं.

सौरभचं विचारलंस. कालवे खणताना देव रडतात, तिथे तो खो खो हसला. दुसऱ्याच्या रडण्यावर हसायची त्याची खोड तुला ठाऊक आहे. रात्री भाकरी दुधात कुस्करून खाल्ली, अर्धी. शेजारच्या उज्वलाला तू थेट मेसेज करू नकोस. ती कामात असते, शिवाय तिला प्रत्येक गोष्ट वाढवून सांगायची सवय आहे.

तुझा,
पप्पा


२४ सप्टेंबर २०२५

संघमित्रा,

चौथं प्रकरण वाचून मी बाड फडताळात टाकलं होतं. आठ दिवस हात लावला नाही. आज काढलं.

मेजवानी चालू आहे. एन्की आणि निन्माह बीअर प्यायलेत. निन्माह म्हणते, माणसाचं शरीर धड करायचं की अधू, ते माझ्या मर्जीवर आहे. एन्की म्हणतो, तू कसाही कर, मी त्याला जागा लावून देतो. लागली पैज. ती एक करते, त्याचे हात वळत नाहीत. एन्की त्याला राजाच्या सेवेत लावतो. ती आंधळा करते. एन्की त्याला गाणं देतो. पाय अधू, त्याला चांदीचं काम. बाईला मूल होत नाही, तिला राणीच्या महालात. इथवर मी एन्कीवर बेहद्द खूश होतो. एकतीस वर्षांत मला असा एक अधिकारी भेटला नाही. कोणालाही "बसत नाही" असा शेरा मारून परत पाठवत नाही.

मग तो म्हणतो, आता माझी पाळी. आणि उमुल करतो. डोकं दुखरं, मान धरत नाही, छाती धापते, हात तोंडाशी जात नाही. उमुल म्हणजे "माझा दिवस लांब आहे." खाली तू टीप टाकलीस, की या अर्थाबाबत अभ्यासकांत मतभेद आहेत. मला मतभेद नाहीत.

तू हे सौरभला वाचून दाखवायला सांगितलंस? अगं, माझ्या मुलाला कोणी बीअर पिऊन पैजेवर घडवला नाही. रखमा बावीस तास कळा देत होती आणि डॉक्टर जेवायला गेला होता. पोर निळं बाहेर आलं. त्यात देव नाही, दैव नाही, एका माणसाचं जेवण आहे.

आणि ती निन्माह! उमुलला प्रश्न विचारते, तो बोलत नाही. भाकरी पुढे करते, त्याला हात पुढे करता येत नाही. लगेच बाई म्हणते, हा जिवंतही नाही आणि मेलेलाही नाही, याला मी कुठे जागा देऊ? अगं बये, भाकरी कुस्कर ना! दुधात भिजव. त्याला ताठ बसव, हनुवटी खाली कर, चमचा जिभेच्या मधोमध ठेव आणि थांब. तो गिळेपर्यंत थांब. जगाची सुईण म्हणवते आणि एवढं कळू नये? तुझी आई तिसरी शिकली होती.

जागेचा प्रश्न निघालाच आहे तर लिहून टाकतो. मागच्या दोन्ही पत्रांत मी तुला खोटं लिहिलं. सौरभ घरी नाही. जून २०२३ मध्ये मी त्याला कर्जतच्या पुढे एका संस्थेत ठेवला.

आधी ऐकून घे. एप्रिलात त्याला संडासातून उचलताना माझा पाय सरकला आणि आम्ही दोघे पडलो. मी खाली, तो माझ्या अंगावर. माझी कंबर धरली, हलता येईना. सकाळी दहापासून दुपारी एकपर्यंत तसेच पडून होतो. त्याला वाटलं मी खेळतोय, तो हसत होता. दर थोड्या वेळाने माझ्या छातीवर डोकं आपटून, पुन्हा कर, असं सुचवत होता. उज्वलाने दार वाजवलं तेव्हा माझ्या तोंडून आवाजही फुटत नव्हता. त्या दिवशी कळलं, की मी मेलो तर हा माझ्या शेजारी हसत उपाशी मरेल.

२०२१ साली तू फोनवर वचन मागितलंस, सौरभला संस्थेत ठेवणार नाही म्हणा. मी म्हणालो, वचन मागणारीने इथे येऊन त्याचा लंगोट बदलावा. तू फोन ठेवलास तो चार वर्षं. माझं बोलणं वाईट होतं, मान्य. पण वचन मी दिलं नव्हतं, एवढं रेकॉर्डवर असू दे.

दर रविवारी जातो आणि त्याला वाचून दाखवतो. चौथं प्रकरण दाखवणार नाही.

पप्पा


१४ ऑक्टोबर २०२५

चि. संघमित्रा,

जयभीम. आज धम्मचक्र प्रवर्तन दिन, सकाळी विहारात गेलो होतो. पंचशील म्हणताना चौथ्या शीलाला माझा आवाज बसला. मुसावादा वेरमणी, खोटं बोलणार नाही. शेजारच्याला वाटलं ठसका लागला, त्याने पाण्याची बाटली पुढे केली.

तुझं पत्र परवाच आलं. मला वाटलं होतं तू मला फाडून खाशील. मी तयारीत होतो, उत्तरंसुद्धा काढून ठेवली होती. आणि तू लिहितेस, "पप्पा, तुम्ही एकट्याने किती उचललंत. मी तिकडून नुसती वचनं मागत बसले." असं लिहायचं नव्हतंस. शिव्या दिल्या असत्यास तर सोपं गेलं असतं.

चौथ्या प्रकरणाच्या शेवटाबद्दल तू खुलासा केलास, की तिथे पाटी फुटलेली आहे, पुढच्या बऱ्याच ओळी गळाल्या आहेत आणि उमुलचं काय झालं ते कोणालाच नीट माहीत नाही. फक्त मांडी हा शब्द वाचता येतो. बरं. म्हणजे कोणीतरी त्याला मांडीवर घेतलं असावं. मी तेवढंच धरून चालतो.

आता तुझ्या तिकिटाचं. १४ डिसेंबर. तू येणार, सौरभला आठवडाभर घरी आणणार, त्याच्यासाठी एक बाई शोधून ठेवली आहेस आणि जानेवारीनंतर तिकडची नोकरी सोडून कायमची येण्याचं बघते आहेस. संस्थेचा पत्ता मागतेस. पोरी, एवढी घाई करू नकोस. नोकरी सोडण्याचा अर्ज देऊ नकोस, किमान माझं पुढचं पत्र येईपर्यंत देऊ नकोस.

हे वाचत होतो तेवढ्यात उज्वला वाटीत भाजी घेऊन आली. दारातूनच म्हणाली, "काका, ताई येतेय म्हणे?"

"तुला कोणी सांगितलं?"

"त्यांचाच मेसेज आला. सौरभच्या गादीला ऊन दाखवून ठेव म्हणाल्या. कॉटचं माप पण मागितलंय." तिने वाटी ओट्यावर आपटली. "काका, तुमी सांगताय का मी सांगू? मला हे टेन्शन झेपत नाय हां. मी माप पण नाय दिलं आणि काय बोलले पण नाय. दोन दिवस फोन उलटा ठेवलाय."

"मी लिहितोय."

"तुमी लिहिताय, लिहिताय. ती तिकडं सामान बांधायला लागली."

ती साताऱ्याकडची, मनात ठेवणारी नाही. तिच्याकडून मी आठवड्याची मुदत मागून घेतली.

एक गोष्ट आज लिहितो. दुसरी लिहायला अजून थोडा वेळ दे.

संस्थेच्या प्रवेश अर्जात तेरावा रकाना होता: अन्य हयात नातेवाईक, नाव, पत्ता, दूरध्वनी. ज्याला धडधाकट भावंड आहे त्याला तिथे घेत नाहीत, आधी निराधार. मी त्या रकान्यात लिहिलं, "निरंक."

तुला तो शब्द माहीत आहे. शाळेत असताना तू माझी नक्कल करायचीस, "डब्यात आज काय? निरंक!" कचेरीत महिन्याला पन्नास वेळा लिहिला असेल. काही नाही, कोणी नाही, कळवण्यासारखं शिल्लक नाही. रकाना कोरा सोडला तर अर्ज परत येतो, म्हणून निरंक लिहायचं. नोकरीत मी खोटं निरंक एकदाही लिहिलं नाही. हे लिहिलं.

जागा मिळावी म्हणून लिहिलं, असं मी दोन वर्षं स्वतःला सांगत आलो. तेही खरं आहे. पण त्याच आठवड्यात रखमाचा स्मृतिदिन होऊन गेला होता आणि तुझा फोन आला नव्हता. ती गेली तेव्हा विमानं बंद होती, तू येऊ शकली नाहीस, त्यात तुझी काही चूक नव्हती हे मला तेव्हाही कळत होतं. तरी पेन हातात आल्यावर राग आला. नाव लिहायला जागा होती, फोन नंबर पाठ होता. मी निरंक लिहिलं आणि खाली दोन रेघा मारल्या.

पप्पा


२० नोव्हेंबर २०२५

संघमित्रा,

हे पत्र बसून वाच. जवळ कोणी असेल तर त्याला थांबायला सांग.

सौरभ गेला. यंदाच्या बावीस जानेवारीला. तुझं पार्सल आलं त्याच्या साडेसहा महिने आधी. पाण्याचं ऐकून तो हसला नाही. देव रडतात तिथेही हसला नाही. ते सगळं मी लिहिलं. चमचा फडताळात आहे. रविवारी मी कुठेही जात नाही.

उज्वलाकडे मागितलेली आठवड्याची मुदत महिन्याची झाली. काल तिने माझ्यासमोर फोन घेतला आणि म्हणाली, आत्ता लावते. मी तिच्या हातापाया पडलो आणि हे लिहायला बसलो. क्रमाने लिहितो.

पंधरा जानेवारीला सकाळी माझ्या छातीत कळ आली. उज्वला आणि तिचा नवरा सुधीर मला इस्पितळात घेऊन गेले. छाती उघडावी लागली. बारा दिवस तिथे होतो. माझा फोन घाईत घरीच राहिला आणि बंद पडला. संस्थेला कळवावं हे मला सुचलं नाही असं नाही. ऑपरेशनच्या आदल्या दिवशी सुधीरला म्हणालोही, एक नंबर लाव. मग वाटलं, ते विचारतील, काका, तुमचं काही बरंवाईट झालं तर मुलाचं बघणारं कोण? तेव्हा काय सांगू? म्हटलं राहू दे, बरा होऊन घरी गेलो की मीच फोन करीन.

एकोणीसला सौरभला जेवताना ठसका लागला. तिथे चाळीस जण आणि भरवायला दोन बायका. तो गिळेपर्यंत थांबायला कोणाकडे वेळ असणार? मी त्यांना बोल लावत नाही. घास छातीत उतरला, ताप चढला, दुसऱ्या दिवशी त्याला दवाखान्यात हलवला. संस्थेने माझ्या नंबरवर सतरा वेळा फोन केला. फोन लागेना तेव्हा त्यांनी फाइल काढली आणि तेरावा रकाना पाहिला.

तिथे तुझं नाव असतं तर त्यांनी तुला फोन लावला असता. तू उज्वलाला लावला असतास. उज्वला त्या वेळी माझ्या उशाशी संत्रं सोलत बसली होती. पाच मिनिटांचं काम होतं. सुधीर संध्याकाळपर्यंत सौरभजवळ पोचला असता. तू विमानाने पोचली असतीस की नाही, सांगता येत नाही. पण त्याच्या कानाला फोन लावून कोणीतरी त्याला तुझा आवाज ऐकवला असता. ते सगळं माझ्या एका शब्दावर अडलं.

तो गेल्यावर पोलिसांत नोंद झाली. एक हवालदार आपल्या दाराला कुलूप बघून परत गेला. चार दिवस वाट पाहून संस्थेने त्याला तिथल्याच स्मशानात नेला. कागद सगळे चोख आहेत, मी स्वतः तपासले. एका कागदावर त्याच्या नावापुढे कंसात लिहिलं आहे, "नातेवाईक उपलब्ध नाहीत." मी सत्तावीसला घरी आलो, फोन चार्जिंगला लावला आणि त्या सतरा मिस्ड कॉलचे मेसेज एकामागून एक आले. अठ्ठावीसला सुधीरला घेऊन गेलो.

तिथे यशोदाबाई म्हणून एक बाई आहेत, तिकडच्याच गावच्या. सौरभला त्याच भरवायच्या. दवाखान्यातही दोन दिवस त्याच होत्या. शेवटी त्यांनी त्याच्या तोंडात गंगाजल घातलं आणि कानात रामाचं नाव घेतलं. धर्माच्या रकान्यात मी बौद्ध लिहिलं होतं, पण यशोदाबाईंना वाचता येत नाही. जन्मभर देवाला उंबरठा ओलांडू दिला नाही, आणि माझ्या मुलाला त्रिशरण कोणी म्हटलं नाही. मला राग यायला पाहिजे होता. मी त्या बाईचे हात धरले आणि रडलो. त्याच्याजवळ माणूस होतं, बस.

त्यानंतर ऑगस्टात तुझं बाड आलं. तुझ्या पत्रात तो जिवंत होता. हसतो कुठे ते कळवा, असं विचारणारं या जगात कोणीतरी होतं. मला तो आणखी थोडे दिवस पाहिजे होता. एवढंच कारण आहे, दुसरं शोधू नकोस. तू मला क्षमा कर असं मी लिहिणार नाही. नोकरी सोडू नकोस. यायचं की नाही ते तुझं तू ठरव.

आता शेवटचं. तू आलीस तर कर्जतला जाशीलच, पत्ता मागच्या पानावर लिहिला आहे. यशोदाबाई भेटतील आणि त्या तुला सांगतील. त्याआधी माझ्याकडून ऐक.

अठ्ठावीस तारखेला मी तिथल्या ऑफिसात बसलो होतो. समोर अधीक्षक, टेबलावर सौरभची फाइल. ते एकेक कागद पुढे सरकवत होते आणि मी सह्या करत होतो. यशोदाबाई दारात उभ्या होत्या. म्हणाल्या, "काका, दोन दिस पोर सारका मिता, मिता करत व्हता. ताप डोक्यात गेलता, तरी दाराकडंच बगायचा न् मिता म्हनायचा. कोन हाय ती मिता? तुमची कोन लागते?"

बत्तीस वर्षांत तो चार शब्द शिकला. त्यातला एक तुझा. अधीक्षकांनी मान वर केली आणि चष्म्यातून माझ्याकडे पाहिलं. अर्ज त्यांच्या हातात होता.

मी म्हणालो, "कोणी नाही."

मारोती गमरे